सोमाइसा, काळ मोजणारी: एका चित्रकादंबरीच्या प्रकल्प नोंदी

१४ जून

आजपासून काम सुरू. चित्रकादंबरी, सहा प्रकरणं, काळ तेराव्या शतकाचा पूर्वार्ध, जागा खानदेशातलं पाटण. नायिका सोमाइसा. ती पूर्णपणे काल्पनिक आहे. तांबटाची मुलगी, पुढे कालविद्येची जाणकार आणि यंत्रं घडवणारी कारागीर. वेळ ताणणं, आखडणं, धरून ठेवणं तिला जमतं. संहिता माझी, चित्रं मैत्रिणीची. कुठला निर्णय का घेतला हे दोघींना पुढेही कळावं म्हणून या नोंदी ठेवते आहे.

पहिला नियम आजच ठरला: ती आणि तिच्या भोवतीची साधी माणसं कल्पनेतली, पण डोंगर, मठ, यंत्रं, मोजमापं खरी. काळाचा जादूगार म्हटलं की डोळ्यांपुढे दातेरी चाकं, लंबक आणि काटे येतात. ते घड्याळ सोमाइसेच्या गावात कधी नव्हतंच. तिथे रात्रीची वेळ मोजली जायची ती बुडाला भोक पाडलेल्या तांब्याच्या वाटीने. त्या वाटीत एका पुस्तकाला पुरेल एवढी जादू आहे असं मला मनापासून वाटतं.

तिच्या आयुष्याचा आराखडा असा. जन्म ११९५ च्या आसपास. बाराव्या वर्षी बापाबरोबर मठात घटिकापात्र, म्हणजे तीच वेळ मोजणारी वाटी, पोचवायला जाते आणि तिथेच गुंतते. तिशीत तिच्या विद्येचा बोलबाला होतो. मग एक मोठा मोह, मोठं नुकसान, आणि उरलेलं आयुष्य पात्रावर बसणारी माणसं तयार करण्यात. शेवटचं प्रकरण तिच्या मृत्यूनंतरचं.

१९ जून

पाटणच का, हे लिहून ठेवते.

भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ म्हणजे १११४ चा. छत्तिसाव्या वर्षी, ११५० मध्ये, 'सिद्धांतशिरोमणी' पूर्ण केला. सह्य पर्वताच्या आश्रयाने असलेलं विज्जडवीड हे आपलं गाव, असं त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. ११८३ मध्ये 'करणकुतूहल' लिहिला. मुलगा लक्ष्मीधर इतका विद्वान, की यादव राजा जैत्रपालाने त्याला पाटणहून आपल्याकडे नेलं. नातू चंगदेव हा सिंघण यादवाचा मुख्य ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने पाटणला मठ काढला.

आजोबांच्या पुस्तकांसाठी नातवाने काढलेली शाळा! माझी गोष्ट इथेच उभी राहणार. विद्वान गेल्यावर त्याचं काय उरतं, हा प्रश्न या घराण्याने प्रत्यक्षात सोडवून दाखवला आहे. आणि मठ उभा राहत असताना सोमाइसा बारा वर्षांची आहे.

तेव्हाच्या मठात मुलीला ग्रंथ शिकायला बसवलं असतं असं मी दाखवणार नाही. ती कारागीर म्हणून आत येते. पात्र बिघडलं की तिला बोलावणं येतं, आणि पात्र तपासायचं म्हणजे रात्रभर त्याच्यापाशी थांबावं लागतं. तिच्या शिक्षणाला एवढी फट पुरते.

२७ जून

सगळा आठवडा घटिकायंत्रात गेला.

सूर्यसिद्धांत या जुन्या ज्योतिषग्रंथात वर्णन थोडक्यात आहे. बुडाला भोक असलेलं तांब्याचं पात्र स्वच्छ पाण्याच्या कुंडात ठेवायचं, ते अहोरात्रात साठ वेळा बुडतं. एक बुडणं म्हणजे एक घटी, आपली २४ मिनिटं. घटीत साठ पळं, म्हणजे एक पळ २४ सेकंदांचं. पळात सहा प्राण. प्राण म्हणजे स्वस्थ बसलेल्या माणसाचा एक श्वासोच्छ्वास, चार सेकंदांचा.

इतर ग्रंथकारांनी पात्राची मापंही दिली आहेत. दहा पळं वजनाचं तांबं (इथे पळ वजनाचं), सहा अंगुळं उंची, बारा अंगुळं रुंदी, आणि भोक पाडायला ठरावीक वजनाच्या सोन्याची चार अंगुळं लांब ओढलेली सुई. वाचताना आधी भारावून जायला होतं. मग भास्कराचार्य काय म्हणतात ते पाहिलं. त्यांनी ही मापं बाजूला ठेवली आहेत. त्यांच्या मते त्या मापांमागे युक्ती नाही आणि प्रत्यक्षात तसं पात्र घडवणंही कठीण. त्यांचं सांगणं सरळ आहे: अर्ध्या घड्याच्या आकाराचं तांब्याचं पात्र घ्या, बुडाला भोक पाडा, अहोरात्रात ते किती वेळा बुडतं ते मोजा, आणि साठ घटींना त्या संख्येने भागा. तुमच्या पात्राचं मान मिळालं.

मला सोमाइसा इथे भेटली. वीस मिनिटांत बुडणारं पात्र अहोरात्रात ७२ वेळा बुडेल. ६० भागिले ७२, म्हणजे पाच षष्ठांश घटी. पात्र टाकून द्यायचं कारण नाही, त्याचं मान माहीत असलं की झालं. अचूक वस्तूची वाट बघत बसण्यापेक्षा हातातल्या वस्तूचा स्वभाव मोजून घ्यायचा, हा तिचा पिंड. तिच्या विद्येचं पहिलं सूत्र तेच असेल.

५ जुलै

पुण्यात, कसब्यातल्या तांबट आळीत. घटिकापात्र घडवून हवं होतं. तसबिरी पाहून काढलेलं पात्र चित्रात पोकळ दिसतं, हाताला त्याचं वजन माहीत असावं लागतं.

ज्यांच्याकडे गेलो त्या काकांनी वही न बघता मला विचारलं, "ताई, भांडं बुडवायचंय म्हणता, मग काठ जाड ठेवायचा का पातळ?" ग्रंथात हा प्रश्न कुणी विचारलेला मला दिसला नव्हता. जाड काठ म्हणजे वजन वर, पात्र डोलणार. शेवटी बुड जाड आणि काठ पातळ असं ठरलं. मग मठारकाम सुरू झालं. एकेक ठोका शेजारच्या ठोक्याला चिकटून, ओळीने, पत्रा ताठ आणि कडक करत नेणारा. मैत्रिणीने पन्नासेक रेखाटनं केली, बहुतेक मनगटांची. हातोडी उचलताना खांदा हलत नाही, हे तिच्या लक्षात आलं. सोमाइसेचा बाप पहिल्या प्रकरणात असाच बसलेला दिसेल.

भोक मात्र काकांनी पाडलं नाही. "ते तुमच्या पाण्यात बसवा, इथलं पाणी वेगळं," म्हणाले. हे वाक्य जसंच्या तसं बापाच्या तोंडी जाणार आहे, त्यांना विचारून घेतलं.

१३ जुलै

पात्र घंगाळात तरंगतं आहे. साधारण अर्धा लिटर पाणी मावतं.

आधी हिशोब. पात्र तरंगत असताना बाहेरचं पाणी आतल्या पाण्यापेक्षा थोडं उंच असतं, आणि त्या फरकामुळे भोकातून पाणी आत चढतं. फरक दोन सेंटिमीटर धरला, तर अर्धा लिटर पाणी २४ मिनिटांत आत यायला भोक एक मिलिमीटरच्या आसपास हवं. व्यास दहाव्या हिश्शाने वाढला, म्हणजे १.१ मिलिमीटर झाला, तर भोकाचं क्षेत्रफळ एकवीस टक्क्यांनी वाढतं आणि पात्र चार मिनिटं आधी बुडतं. डोळ्याला न दिसणाऱ्या फरकाने रात्रीत अख्खे तास इकडचे तिकडे होतात. सोन्याच्या सुईची मापं ग्रंथकारांनी का दिली असतील हे इथे कळतं, आणि भास्कराचार्यांनी ती का सोडून दिली हेही.

आम्ही बारीक भोकापासून सुरुवात करून कानसत, मोजत पुढे गेलो. पाहून टिपलेल्या गोष्टी, चित्रांसाठी:

पात्र वाटोळं आहे, त्यामुळे सुरुवातीला ते खोल बसतं आणि पाणी बुडातून बोटभर उसळी घेऊन आत येतं. पुढे पात्र रुंद होत जातं, पातळीतला फरक कमी होतो, उसळी मंदावते. अर्धं भरलं म्हणजे अर्धी घटी झाली असं नाही. काठ पाण्याच्या पातळीला आला की सगळं थबकल्यासारखं वाटतं, आणि मग एकदम चहूबाजूंनी पाणी आत शिरून पात्र तळाशी जातं. आवाज होतो, तांबं घंगाळाच्या बुडाला लागल्याचा.

म्हणजे चोवीस मिनिटं जवळजवळ काहीच घडत नाही आणि शेवटी क्षणभरात सगळं घडतं. तेवढ्यात माणूस जागा नसेल तर ती वेळ कायमची हरवली. पात्र आपणहून वर येत नाही, कुणीतरी हात घालून काढायचं, रिकामं करायचं, पुन्हा ठेवायचं आणि खूण करायची. अहोरात्रात साठ वेळा. इत्सिंग नावाचा चिनी भिक्षू सातव्या शतकाच्या अखेरीस नालंदेला होता. त्याने तिथल्या पाणघड्याळाचं वर्णन लिहून ठेवलं आहे, आणि राजांनी दान दिलेल्या पात्रांबरोबर ती सांभाळणाऱ्या मुलांचाही उल्लेख केला आहे. पात्र आणि पोरं, एकाच दानात.

त्या पोरांचा इतिहास कुणी लिहिला नाही. सोमाइसा त्यांच्यातली आहे, हे आज पक्कं केलं.

२० जुलै

जादूचे नियम. यावर आमचा सगळ्यात लांब वाद झाला.

मैत्रिणीला वेळ थांबल्याचं दृश्य भव्य हवं होतं: हवेत अडकलेले पक्षी, थिजलेला धबधबा. माझा विरोध दृश्याला नव्हता, फुकटेपणाला होता. वेळ थांबवण्याची किंमत कुणीच मोजत नसेल, तर त्या विद्येत नुसती करामत उरते. विद्या म्हटली की तिचा हिशोब हवा.

हिशोब शोधताना एक सुंदर गोष्ट हाती लागली. दिवसात ६० घटी, घटीत ६० पळं, पळात ६ प्राण, म्हणून अहोरात्रात २१,६०० प्राण. आणि वर्तुळाचे ३६० अंश, अंशाच्या ६० कला, म्हणजे वर्तुळाच्या कलाही २१,६००. आर्यभटांनी सांगितलं आहे की एका प्राणात पृथ्वी एक कला फिरते. माणसाचा एक श्वास आणि पृथ्वीचं एक कला वळणं यांची गाठ या गणितात मुळातच घातलेली आहे. मला ती शोधून काढावीही लागली नाही.

मग नियम असा. सोमाइसा वेळ धरते तेव्हा ती स्वतःचे श्वास खर्च करते. एका माणसासाठी एक घटी धरली तर ३६० प्राण गेले. शंभर माणसांच्या जमावासाठी एक घटी धरली तर ३६,०००, म्हणजे तिच्या आयुष्यातून एक दिवस आणि सोळा तास. ते परत मिळत नाहीत. तिच्याकडे एक दोरी असते आणि खर्च झालेल्या प्रत्येक दिवसाला त्यात एक गाठ. मैत्रिणीला भव्य दृश्यं मिळाली. मात्र प्रत्येक भव्य दृश्यानंतर दोरीची चौकट येणार, हे तिनेच सुचवलं.

२ ऑगस्ट

कपडे, दागिने, भांडी यांची पानं पूर्ण. नाव ठरवताना महानुभाव वाङ्मयातल्या बायकांची आइसा लागणारी नावं डोळ्यांपुढे होती, काळ जवळचाच आहे. तिच्या बोलीत मात्र जुनं मराठी घालणार नाही. वाचकाने अडखळू नये.

१७ ऑगस्ट

पाटण. चाळीसगावपासून साधारण अठरा किलोमीटर. गाव मागे टाकलं की गौताळा औट्रमघाट अभयारण्याची हद्द, समोर सातमाळा डोंगररांगेची भिंत, आणि तिच्या कुशीत पाटणादेवी. पाऊस थांबून थांबून पडत होता. पितळखोऱ्याची लेणी वर पठाराच्या कडेला आहेत. म्हणजे मठ झाला तेव्हाही ती हजारापेक्षा जास्त वर्षं जुनी होती. सोमाइसा लहानपणी तिथे खेळायला गेलीच असेल, मी एक पान त्यासाठी राखलं आहे.

आम्ही आलो होतो शिलालेखासाठी. भाऊ दाजी लाडांनी १८६५ मध्ये तो अभ्यासकांपुढे आणला. बहुतेक भाग संस्कृतात, घराण्याची वंशावळ सांगणारा: त्रिविक्रम, भास्करभट्ट, गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, भास्कर, लक्ष्मीधर, चंगदेव. एकाच घरातल्या विद्वानांची इतकी लांब रांग दगडात क्वचितच सापडते. निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने मठाला दान दिलं, त्याचा हा लेख. तिथी श्रावणी पौर्णिमा, चंद्रग्रहण. शके ११२८, प्रभव संवत्सर. अभ्यासक ती तारीख ९ ऑगस्ट १२०७ धरतात.

आणि शेवटचा भाग मराठीत. तिथे पैशाचं बोलणं आहे. बाजारातल्या करांतला मठाचा वाटा, तेलाच्या घाण्यांमागे मठाला द्यायचं तेल, आणि इथे जे मापायचं ते मठाच्या मापाने मापावं, असं. स्तुती संस्कृतात आणि व्यवहार लोकांच्या भाषेत. तेल्याला आणि व्यापाऱ्याला तो कळला पाहिजे ना.

देवळाच्या पायरीवर बसून पहिल्या प्रकरणाचा शेवट लिहिला. ग्रहणाची रात्र. स्पर्श कधी, मोक्ष कधी, म्हणजे ग्रहण लागणार कधी आणि सुटणार कधी, हे गणिताने आधी काढलेलं आहे. पण दानाचं पाणी सोडायचं ते प्रत्यक्ष वेळेवर, आणि ढगांमुळे चंद्र दिसत नाही. मग वेळ सांगणार कोण? अंगणात घंगाळ, त्यात नवीन पात्र, आणि त्याच्यापाशी पात्राचं मान तोंडपाठ असलेली बारा वर्षांची मुलगी. सूर्य मावळल्यापासून तिने प्रत्येक बुडणं मोजलं आहे. चंगदेव तिच्याकडे पाहतो. ती सांगते, "आता." ढग सरकतात, चंद्राला कड लागलेली असते.

ढग आणि मुलगी माझ्या. बाकीचं दगडावर आहे.

३० ऑगस्ट

चौथं प्रकरण: स्वयंवह, म्हणजे आपोआप फिरणारं, चाक.

ब्रह्मगुप्ताने ६२८ मध्ये त्याबद्दल लिहिलं, भास्कराचार्यांनीही. हलक्या लाकडाचं चाक, सारख्या अंतरावर पोकळ आरे, सगळे एकाच बाजूला किंचित वाकवलेले. आऱ्यांत अर्धा पारा भरून तोंडं बंद करायची आणि चाक आसावर चढवायचं. पारा एका बाजूला आऱ्याच्या टोकाकडे आणि दुसऱ्या बाजूला मुळाकडे धावतो, आणि चाक आपोआप फिरत राहतं, अशी कल्पना. पाण्याच्या जोरावर चालणारी यंत्रं भास्कराचार्यांना फारशी पसंत नव्हती, कारण त्यांना बाहेरचा पुरवठा लागतो.

असं चाक फिरत राहत नाही. उतरणाऱ्या बाजूचा पारा आसापासून दूर असतो, पण चढणाऱ्या बाजूला पारा असलेले आरे जास्त असतात. दोन्हींचा तोल जमतो आणि चाक थोडं हलून थांबतं. वरून आसाचं घर्षण आहेच. कुठलंही यंत्र बाहेरून काही न घेता कायम काम करू शकत नाही, हे आज शाळेत शिकवलं जातं. पण त्या कल्पनेची ओढ मला खरी आणि मोठी वाटते. जो माणूस वाटीचं मान मोजून घ्या म्हणाला, त्यालाच कुणावरही अवलंबून नसलेलं चाक हवंसं वाटलं. विचार करणाऱ्या माणसात या दोन्ही गोष्टी असू शकतात, आणि सोमाइसेतही त्या असायला हव्यात.

म्हणून तिशीतली सोमाइसा चाक बनवते. पात्रावर रात्र रात्र जागणाऱ्या पोरांची दया येऊन, त्यांना झोपता यावं म्हणून. हेतू चांगला आहे, आणि म्हणूनच हे प्रकरण जड झालं. चाक थांबतं. मग ती कालविद्या वापरते: चाक थांबायचा क्षण येतो तेव्हा तो क्षणच धरून ठेवते, पुन्हा पुन्हा. लोकांना वाटतं यंत्र आपोआप चालतं. गावोगावचे लोक बघायला येतात. पोरं घरी जातात, पात्रं उलटी करून ठेवली जातात. आणि तिच्या दोरीवर गाठी वाढत जातात, कुणालाही न दिसता. तिचे केस एका पावसाळ्यात पांढरे होतात.

ज्या दिवशी ती आजारी पडते त्या दिवशी चाक थांबतं, आणि गावात पात्र लावता येणारा कुणी उरलेला नसतो.

हे लिहून झाल्यावर मैत्रिणीला फोन केला. तिने विचारलं, "चाकाचं शेवटी काय होतं?" काही नाही. चाक तसंच कोपऱ्यात राहतं, चांगलं लाकूड म्हणून कुणी त्याची खाट करतं.

९ सप्टेंबर

त्याच काळात बाहेर काय चाललं होतं, याचं एक जोडपान करायचं आहे.

पाटणच्या दानाच्या वर्षभर आधी, १२०६ मध्ये, तिकडे दियारबकरला अर्तुकी सुलतानांच्या पदरी असलेल्या अल्-जझारीने आपला यंत्रांचा ग्रंथ पूर्ण केला. त्यातलं हत्तीचं घड्याळ पाहून मी थक्क झाले. हत्तीच्या पोटात पाण्याची टाकी, आणि टाकीत काय तरंगतं? बुडाला भोक असलेलं पात्र! ते अर्ध्या तासात बुडतं. बुडताना दोरी ओढली जाते, वरून गोळी सुटते, सापाच्या तोंडात पडते, गोळीच्या भाराने साप खाली वाकतो आणि पात्राला पुन्हा वर ओढून घेतो. आमच्या मठात जे काम मुलीचा हात करतो ते तिकडे साप करतो, गोळ्या संपेपर्यंत. पात्राची जात तीच.

आणि शंभर वर्षं मागे, चीनमध्ये कायफंगला सू सोंगचा घड्याळ मनोरा. १०८८ नंतरच्या काही वर्षांत उभा राहिला, बारा मीटरच्या आसपास उंच, आत पाण्याचं मोठं चाक, माथ्यावर खगोलवेधाचं यंत्र. ११२७ मध्ये उत्तरेकडच्या जिन राजवटीने कायफंग जिंकलं आणि मनोरा सुटा करून उत्तरेला नेला. मनोरा आज नाही. सू सोंगने लिहिलेला ग्रंथ मात्र आकृत्यांसह टिकला, आणि विसाव्या शतकात त्यावरून अभ्यासकांनी प्रतिकृती केल्या.

जोडपानाची मांडणी: डावीकडे हत्ती, उजवीकडे मनोरा, खाली पूर्ण रुंदीभर मठाचं अंगण, घंगाळ आणि दिवा. तिन्हींना सारखीच जागा. या तिघांत चढाओढ लावावी असं मला वाटत नाही.

२१ सप्टेंबर

लीलावतीचा मोती. घटिकापात्राबद्दल मराठी वाचकाला एकच गोष्ट माहीत असते, ती ही. भास्कराचार्यांची मुलगी, लग्नाची घटका, पात्रात वाकून बघताना मोती पडून भोक बंद होणं, मुहूर्त टळणं, आणि दुःखी मुलीच्या नावाने बापाने ग्रंथ लिहिणं. भास्कराचार्यांनी स्वतः यातलं काहीच लिहिलेलं नाही. ही कथा अकबराच्या दरबारातला कवी फैजी याच्या 'लीलावती'च्या फारसी भाषांतराबरोबर येते, १५८७ मध्ये. म्हणजे ग्रंथानंतर चारशेहून अधिक वर्षांनी.

ही कथा पुस्तकात घ्यावी का, यावर बराच विचार केला. घेतली, पण सोमाइसेच्या बाजूने. पाचव्या प्रकरणात म्हातारी सोमाइसा एका लग्नघरी पात्र लावायला जाते. नवरी वाकून बघते, मोती पडतो. सोमाइसा शांतपणे हात घालून मोती काढते आणि नवरीच्या हातात देते. तिने शेजारी दुसरं पात्र लावलेलं असतं आणि अंगणात काठी रोवून सावलीही पाहिलेली असते. भास्कराचार्यांनी सगळ्या यंत्रांत बुद्धीच्या यंत्राला, धीयंत्राला, वरचा मान दिला आहे. त्याला साधी काठी पुरते. घटका टळत नाही. ती नवरीला म्हणते, "बघावंसं वाटलं ना? मग नीट बघ." आणि पाणी आत कसं येतं ते दाखवते.

कुतूहलाने वाकलेल्या मुलीला शिक्षा झालेली गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आले. आठशे वर्षं मागे जाऊन ती बदलायची सोय कल्पनेतच आहे, तर ती वापरणार.

४ ऑक्टोबर

पहिली दोन प्रकरणं शाई होऊन आली. पात्र तळाला लागतानाची चौकट अपेक्षेपेक्षा चांगली झाली आहे. आवाजाचं अक्षर न घालता तशीच ठेवली.

१९ ऑक्टोबर

सहावं प्रकरण, तिच्या मागे काय राहिलं.

आधीच्या आराखड्यात तिचं एक गुप्त यंत्र पुढच्या पिढीला सापडतं असा शेवट होता. तो मी काढून टाकला. पाटणच्या लेखाने माझं मन बदललं. चंगदेवाला आजोबांची विद्या टिकवायची होती, तेव्हा त्याने सोय लावली: शिकवण्याची जागा, ठरलेला पैसा, ठरलेलं माप, घाण्यामागे तेल. विद्या त्या सोयीच्या जोरावर चालते. आजच्या प्रयोगशाळांना आणि ग्रंथालयांनाही हेच लागू आहे, आणि ज्यांची तेलाची पळी बंद झाली त्यांचं काय होतं ते आपण पाहतोच आहोत.

तर सोमाइसेचा वारसा असा. चाकाच्या प्रसंगानंतर तिच्याकडे थोडेच श्वास उरतात. ती कालविद्या पुन्हा वापरत नाही. आपली दोरी सोडवते आणि तीच दोरी पात्रावर बसणाऱ्यांच्या पाळ्या मोजायला देते. ती नियम घालून देते: एका वेळी दोघांनी बसायचं. पात्र काढणाऱ्याने मोठ्याने आकडा सांगायचा, दुसऱ्याने खूण करायची. रोज सकाळी पात्र चिंचेने घासायचं आणि भोकात साचलेलं काढायचं. दर पौर्णिमेला मान पुन्हा मोजायचं, कारण तांबं झिजतं आणि भोक मोठं होत जातं. आठ घटींपेक्षा जास्त पाळी कुणाला द्यायची नाही. घाण्यांवरून मठाला येणाऱ्या तेलातला एक वाटा पात्राजवळच्या दिव्याला. हा वाटा अर्थात माझ्या कल्पनेतला, पण लेखातल्या तेलाला धरून आहे.

कालविद्येचे ग्रंथ तिच्यामागे उरत नाहीत. उरतात पाळीवर बसणारी माणसं, आणि एकेका पात्रावर टोकाने कोरलेला त्याचा आकडा. एकावर ७२, एकावर ५८, एकावर ६४. साठचं पात्र एकही नाही. आकडे वाचता येणाऱ्याला त्याने काही फरक पडत नाही.

मैत्रिणीने विचारलं, वाचकाला हे फिकं नाही का वाटणार, जादूची गोष्ट आणि शेवटी पाळ्यांचा तक्ता? मला तसं वाटत नाही. तिने वेळ थांबवली ते वाचक विसरेलही. रात्री तिसऱ्या प्रहरी एक पोरगी डोळे चोळत मोठ्याने "बेचाळीस" म्हणते आणि दुसरी खूण करते, हे चित्र तिने काढून पाठवल्यावर तिचंही मत बदललं.

२ नोव्हेंबर

आजची स्थिती. प्रकरणं एक ते तीन शाईसह पूर्ण. चौथ्याची रेखाटनं झाली, चाकाच्या आऱ्यांची वाक एकाच बाजूला आहे की नाही हे प्रत्येक चौकटीत तपासायचं आहे. पाचव्याची संहिता पक्की. सहाव्याचे संवाद अजून कमी करायचे आहेत.

शेवटची दोन पानं वाचकाच्या हातची. घरातली पातळ पत्र्याची किंवा प्लास्टिकची जुनी वाटी, मोठ्यांकडून पाडून घेतलेलं बारीक भोक, पाण्याने भरलेलं पातेलं. प्लास्टिकची वाटी तरंगत राहील, तेव्हा तिच्या बुडाला सगळीकडून सारखं वजन चिकटवायचं, नाहीतर ती कलते. किती मिनिटांत बुडते ते पाहायचं. १,४४० ला त्या मिनिटांनी भागलं की अहोरात्रातल्या बुडण्यांची संख्या येते, ती वाटीवर कोरायची. पानावर आठ ओळींचा रिकामा तक्ता: तारीख, पाणी कुठलं, किती मिनिटं, पाळीवर कोण. पाणी गढूळ असेल तर आधी गाळून घ्यावं ही सूचना राहिली होती, ती आज घातली. उद्या हे पान मैत्रिणीच्या सोसायटीतल्या मुलांना करायला देणार आहोत. त्यांना जिथे कळणार नाही तिथलं वाक्य बदलायचं.